झोपेतला श्वास कसा मोजायचा: तयारी, क्रम आणि नेहमी होणाऱ्या चुका

"बाबा झोपलेत आणि श्वास मिनिटाला ३२ येतोय, नॉर्मल आहे का?" असं कुणी विचारलं की उलट दोन प्रश्न विचारा, बहुतेक वेळा घोळ तिथेच सापडतो. छाती वर आली तो एक आणि खाली गेली तो दुसरा असं मोजलेलं असतं, म्हणजे खरा आकडा १६. किंवा १५ सेकंद मोजून चारने गुणलेलं असतं. नाहीतर, आणि हे सगळ्यात भारी, ऑक्सिमीटरवरचा नाडीचा आकडाच श्वास समजून वाचलेला असतो. हे काम दिसायला इतकं सोपं आहे की शिकायच्या भानगडीत कुणी पडत नाही, मग एकतर उगाच जीव टांगणीला लागतो, नाहीतर खरंच काही बिघडलेलं असताना "आकडा तर बरोबर आहे" म्हणून आपण कूस बदलून झोपून जातो. यातलं दुसरं जास्त वाईट.

मोजायच्या आधी: कधी मोजत बसायचंच नाही

खालचं काही दिसलं तर स्टॉपवॉच बाजूला ठेवा आणि आपत्कालीन सेवेला फोन लावा.

- ओठ किंवा जीभ निळसर, राखाडी दिसतेय.
- हाक मारून, खांदे हलवूनही माणूस जागा होत नाही.
- दर श्वासाला बरगड्यांखालचा किंवा गळ्याखालचा भाग खोल आत ओढला जातोय, बाळाच्या नाकपुड्या फुगतायत, बाळ प्रत्येक श्वासाला कण्हतंय.
- बाळाचा श्वास २० सेकंद किंवा जास्त थांबला, किंवा कमी वेळ थांबला पण रंग बदलला किंवा अंग ढिलं पडलं.

अजून एक, जे लोक घोरणं समजून सोडून देतात: माणूस जागा होत नाहीये आणि मध्येच आचके दिल्यासारखा एखादा श्वास घेतोय. "श्वास चालू आहे ना" असं म्हणून थांबू नका, हृदय बंद पडल्यावरही काही मिनिटं असे आचके येतात. फोन स्पीकरवर टाका आणि छातीवर दाब द्यायला सुरुवात करा, पलीकडचा माणूस सांगत राहील.

टप्पा १: तयारी

तयारी माणूस झोपायच्या आधी करायची, नंतर नाही. झोपल्यावर लाइट लावला, दार वाजलं, पांघरूण ओढलं की झोप चाळवते आणि चाळवलेल्या झोपेतला श्वास काही कामाचा नाही.

मंद लाइट आधीपासूनच चालू ठेवा, एवढाच की छाती-पोटाची हालचाल दिसेल. मोबाइलचा टॉर्च चेहऱ्यावर मारायचा नाही. फोनवर ६० सेकंदांचा टायमर लावून ठेवा, आवाज बंद आणि व्हायब्रेशन चालू, म्हणजे स्क्रीनकडे बघावं लागत नाही, कारण एक डोळा घड्याळावर आणि एक छातीवर ठेवायला गेलं की दोन-तीन श्वास हमखास सुटतात. पांघरूण शक्यतो पातळ घ्यायला सांगा. जाड असेल तर काढू नका, त्याची कड किंवा खांदा बघा, तिथेही हालचाल कळते.

नजर कुठे ठेवायची? मोठ्या माणसात छाती संपून पोट सुरू होतं त्या जागी. तान्ह्या बाळात सरळ पोटावर, कारण बाळं मुख्यतः पोटाने श्वास घेतात आणि छातीकडे बघत बसलात तर अर्धे श्वास दिसणारच नाहीत.

वहीत किंवा फोनवर एक कोरं पान तयार ठेवा: तारीख, झोपलेली वेळ, मोजलेली वेळ, आकडा, लय, कुठल्या अंगावर झोपलेत, आणि "आज वेगळं काय". शेवटच्या रकान्यात लोक काहीच लिहीत नाहीत आणि नंतर तोच सगळ्यात उपयोगी पडतो.

मोठ्या माणसाला दिवसा सांगून ठेवा की रात्री मोजणार आहे, व्हिडिओ काढणार असाल तर नक्कीच विचारा. पण जागा असताना "आता मोजतो हं" असं म्हणून मोजू नका. आपल्या श्वासाकडे कुणी बघतंय हे कळलं की श्वास बदलतोच.

टप्पा २: कधी मोजायचं

झोप रात्रभर एकसारखी नसते आणि श्वासही नसतो. डोळा लागताना श्वास जरा डळमळतो, मध्येच हलका होतो, मध्येच छोटा थांबा घेतो, त्यात घाबरण्यासारखं काही नाही. मग गाढ झोप लागते तेव्हा श्वास संथ आणि एका तालात चालतो. साधारण दीड तासाचं एक चक्र असतं आणि चक्राच्या शेवटी स्वप्नांची झोप येते, तिच्यात श्वास उथळ, कधी जलद, कधी अडखळत असा होतो. गाढ झोप रात्रीच्या पहिल्या भागात जास्त आणि स्वप्नांची झोप पहाटेकडे जास्त. त्यामुळे काल रात्री ११ ला १४ आला आणि आज पहाटे ५ ला १९ आला म्हणून "वाढला" म्हणणं चूक, तुम्ही दोन वेगळ्या झोपा मोजल्यात.

मोठ्या माणसाचा श्वास झोप लागल्यानंतर अर्धा ते एक तासाने मोजा, आणि दर रात्री साधारण तेवढ्याच अंतराने.

तपासून बघा: पापण्यांखाली बुबुळं फिरतायत का, बोटं किंवा ओठ फडफडतायत का? तसं असेल तर स्वप्नांची झोप चालू आहे, पंधरा-वीस मिनिटांनी परत या.

बाळांचं उलटं असतं, म्हणूनच नवीन आईबाप तिथे फसतात. नवजात बाळाची जवळजवळ अर्धी झोप ही हालचालींची झोप असते आणि बाळ झोपेत शिरतंच मुळी त्यातून. म्हणजे दूध पिऊन झोपलं रे झोपलं की तुम्ही मोजता तेव्हा तोंड वाकडं करणं, हसणं, हात उडवणं आणि त्यासोबत उलटसुलट श्वास असं सगळं चालू असतं. थोडं थांबा. हात अलगद उचलला तर लुळा पडतो, चेहरा शांत आहे, असं झालं की मोजा. रडून नुकतंच झोपलेल्या बाळाचं तर लगेच मोजूच नका.

टप्पा ३: प्रत्यक्ष मोजणं

१. आधी नुसतं बघा. तीन-चार श्वास जाऊ द्या, ताल डोळ्यात बसू द्या.

२. छाती पूर्ण वर आली की टायमर चालू करा आणि त्या क्षणाला मनात "शून्य" म्हणा, "एक" नाही. पुढच्या वेळी वर आली की एक. ही बारीक गोष्ट वाटते पण "एक" पासून सुरुवात केली की दर वेळी एक श्वास जास्त मोजला जातो.

३. वर येऊन खाली गेली की एक श्वास पूर्ण. फक्त वर येणं मोजा, खाली जाण्याकडे लक्षच देऊ नका, म्हणजे दुप्पट व्हायची भीती नाही.

४. पूर्ण ६० सेकंद. १५ सेकंद मोजून चारने गुणलं तर एका श्वासाची चूक चार श्वासांची होते, १४ चा १८ होतो. बाळाच्या बाबतीत तर शॉर्टकट चालतच नाही, कारण त्यांचा श्वास मुळातच कधी भरभर कधी थांबून असा असतो, तुम्ही नेमके भरभरवाले १५ सेकंद पकडलेत तर आकडा भलताच येणार.

५. मधेच कूस बदलली, खोकला आला, तोंडातल्या तोंडात बोलले, तर ती मोजणी रद्द. दोन मिनिटं थांबून पहिल्यापासून.

६. पाच मिनिटांनी परत एकदा मोजा. दोन आकड्यांत तीन-चारपेक्षा जास्त फरक आला तर तिसऱ्यांदा मोजा आणि तिन्ही लिहा. सरासरी काढून एकच लिहू नका, फरक आला हीसुद्धा माहिती आहे.

नेहमीच्या चुका: घोरण्याचे आवाज मोजणं (सगळेच श्वास आवाज करत नाहीत), नाकाखाली बोट किंवा आरसा धरणं (माणूस जागा होतो), छातीवर हात ठेवून मोजणं (तुमच्या हाताच्या वजनानेही झोप चाळवते). डोळ्यांनी बघा, बस.

टप्पा ४: आकड्याच्या पलीकडे, लय आणि कष्ट

माझं स्पष्ट मत आहे की बहुतेक लोक चुकीच्या गोष्टीकडे बघतात. झोपेत श्वास अडणाऱ्या माणसाचा मिनिटाचा आकडा कितीतरी वेळा एकदम देखणा येतो. समजा मिनिटाला १३ आला, छान. पण त्या मिनिटात २५ सेकंद काहीच नव्हतं आणि उरलेल्या ३५ सेकंदांत धापा टाकत १३ श्वास घेतले गेले, हे १३ या आकड्यातून कळणार कसं? म्हणून आकडा लिहून झाला की किमान दहा मिनिटं नुसतं बसून बघा.

काय बघायचं ते असं. आधी थांबे. श्वास थांबला की मोजा, किती सेकंद. मोठ्या माणसात १० सेकंद किंवा जास्त थांबा धरला जातो, आणि एखाद-दुसरा थांबा निरोगी माणसातही येऊ शकतो, प्रश्न वारंवार येण्याचा आहे. झोपेच्या तपासणीत असे पूर्ण थांबे आणि अर्धवट अडलेले श्वास मिळून तासाला किती झाले ते बघतात: मोठ्या माणसात ५ च्या खाली ठीक, ५ ते १५ सौम्य, १५ ते ३० मध्यम, ३० च्या वर गंभीर. घरी तुम्हाला हा हिशोब पक्का लावता येणार नाही, तसा प्रयत्नही करू नका, पण दहा मिनिटांत तीन-चार थांबे दिसले तर पुढे जायला तेवढं पुरेसं आहे.

मग थांब्यात छाती काय करतेय ते बघा. हे कुणीच बघत नाही. घोरणं चालू आहे, एकदम शांतता, पण छाती-पोट हलतायत, उलट जोर लावतायत, कधी पोट वर येतं तेव्हा छाती आत जाते, आणि मग मोठा फुर्रकन आवाज करून श्वास सुटतो: म्हणजे हवेचा रस्ता घशात बंद होतोय. याउलट शांतता आहे आणि छातीही निश्चल आहे, जोरच लागत नाहीये: म्हणजे श्वास घ्यायचा हुकूमच मेंदूकडून येत नाहीये. दोन्हींची कारणं आणि उपचार वेगळे, त्यामुळे हे एक वाक्य डॉक्टरांना सांगता आलं तरी खूप झालं.

आणि चढ-उतार. श्वास हळूहळू मोठे होत जातात, मग हळूहळू लहान होत जातात, मग थांबा, मग परत तेच, मिनिट-दीड मिनिटाला एक लाट. हृदय कमजोर असलेल्या किंवा पॅरालिसिसचा झटका येऊन गेलेल्या माणसात हे दिसतं. घाई नाही पण टाळायचंही नाही, डॉक्टरांच्या कानावर घाला.

बाळांबद्दल वेगळं: पहिल्या काही महिन्यांत ५ ते १० सेकंद थांबून मग भरभर काही श्वास घेणं हे नेहमीचं आहे, रंग चांगला असेल आणि आपोआप परत सुरू होत असेल तर.

इशारा: श्वासाचा आवाज येतो म्हणून बाळाला पालथं किंवा कुशीवर झोपवू नका, उशी लावू नका. बाळ उताणंच, सपाट आणि घट्ट गादीवर. घोरणाऱ्या मोठ्या माणसाला कुशीवर वळवलं की बरं वाटतं हे खरं, पण तो नियम बाळाला लावायचा नाही.

टप्पा ५: "आज वेगळं काय" हा रकाना

आकडा एका रात्रीत बदलला तर आधी इथे बघा. ताप असेल तर श्वास वाढतोच, मुलांमध्ये जास्तच, म्हणून तापातला आकडा वेगळा लिहा आणि ताप उतरल्यावर परत मोजा. वेदना, रक्त कमी असणं, फुफ्फुसातलं इन्फेक्शन, दमा यांनीही वाढतो. नाक चोंदलेलं असलं की तोंडाने श्वास, घोरणं आणि अडथळे वाढतात, आकडा मात्र तोच राहू शकतो. उताणं झोपलं की जीभ आणि टाळू मागे पडतात, त्याच माणसाची कुशीवरची रात्र आणि उताणी रात्र दोन वेगळ्या माणसांची वाटावी इतका फरक पडतो.

दारूने घशाचे स्नायू सैल पडतात, थांबे वाढतात आणि लांबतात. झोपेच्या काही गोळ्या, आणि त्याहून जास्त कोडीन, ट्रामाडॉल, मॉर्फीन या घराण्यातली वेदनेची औषधं श्वास संथ करतात. यातलं काही नवीन सुरू झालं असेल किंवा डोस वाढला असेल तर त्या रात्री मोजाच. आणि गोळी अधिक दारू, किंवा अशा दोन गोळ्या एकत्र, हे जीवावर बेतू शकतं: श्वास संथ, घोरणं नेहमीपेक्षा वेगळं आणि घरघरतं, उठवलं तरी उठत नाही, असं असेल तर "गाढ झोपलाय" म्हणून सोडू नका, पहिल्या यादीवर जा.

मधुमेह असलेल्या माणसाचा श्वास अचानक खोल आणि जलद झाला, सोबत उलट्या, खूप तहान, सुस्ती, तर रात्र काढू नका, शुगर बघा आणि दवाखाना गाठा. समुद्रसपाटीपासून अडीच हजार मीटरच्या वर झोपलात तर निरोगी माणसालाही झोपेत थांबत-थांबत श्वास येतो, तिथले आकडे घरच्या आकड्यांशी लावू नका. गरोदरपणात श्वास खोल होतो पण दर फारसा बदलत नाही, त्यामुळे दर बराच वाढला तर "पोटात बाळ आहे म्हणून" असं म्हणून झटकून टाकू नका.

आणि उशा मोजा. खरंच. आडवं पडलं की धाप लागते म्हणून एकाच्या दोन, दोनाच्या तीन उशा झाल्या असतील, किंवा झोपल्यावर तास-दोन तासांनी दम लागून उठून बसावं लागत असेल तर ते हृदयाचं लक्षण असू शकतं, मग श्वासाचा आकडा काहीही येवो.

टप्पा ६: घड्याळ, बँड आणि ऑक्सिमीटर

बोटाला लावायच्या ऑक्सिमीटरवर दोन मोठे आकडे दिसतात, एक ऑक्सिजनचा टक्का आणि दुसरा नाडीचा. त्यात श्वासाचा दर नसतो (काही थोड्या मॉडेलमध्ये वेगळा दिलेला असतो, तिथे तसं लिहिलेलं असतं). ७२ बघून "श्वास ७२" म्हणून धावाधाव करू नका. नेलपॉलिश, गार पडलेली बोटं, हलणारा हात यांनी आकडा चुकतो, आणि गडद त्वचेत तो खऱ्यापेक्षा जास्त दाखवू शकतो.

मनगटावरची घड्याळं श्वास थेट मोजत नाहीत, हाताची बारीक हालचाल किंवा नाडीतले बदल यावरून अंदाज बांधतात आणि बहुतेक वेळा रात्रभराची सरासरी दाखवतात. सरासरीत थांबे विरघळून जातात, त्यामुळे "घड्याळ म्हणतं १५, म्हणजे काही नाही" हा निष्कर्ष काढायचा नाही. त्यांचा खरा उपयोग कल बघायला. दोन आठवडे १४-१५ असणारा आकडा सलग दोन-तीन रात्री १८-१९ झाला तर काहीतरी शिजतंय, बऱ्याचदा ताप-सर्दी येणार असते. तेव्हा हाताने मोजून खात्री करा.

टप्पा ७: आकडा वाचायचा कसा

मोठ्या माणसाचा शांत अवस्थेतला दर १२ ते २० धरतात, झोपेतही साधारण याच पट्ट्यात. गाढ झोपेत १० किंवा ११ आला, लय एकसारखी आहे, माणूस सकाळी ताजा उठतो, तर नुसत्या आकड्यासाठी झोप उडवून घेऊ नका. मात्र ८ किंवा कमी, किंवा २५ आणि जास्त, असं दोनदा मोजून आलं तर उठवून बघा, नीट बोलतात का, दम लागतोय का, आणि सकाळची वाट न बघता डॉक्टरांशी बोला. उठवूनही नीट जाग येत नसेल तर सरळ आपत्कालीन सेवा. २१ ते २४ मधलं परत मोजा, ताप बघा, आणि टिकून राहिलं तर दुसऱ्या दिवशी दाखवा.

लहान मुलांना मोठ्यांचा पट्टा लावायचा नाही. नवजात बाळात ३० ते ६० चालतं. खोकला किंवा श्वासाचा त्रास असलेल्या मुलासाठी जागतिक आरोग्य संघटनेच्या मर्यादा लक्षात ठेवा, मूल शांत असताना पूर्ण मिनिट मोजून: दोन महिन्यांच्या आतलं बाळ ६० किंवा जास्त, दोन महिने ते एक वर्ष ५० किंवा जास्त, एक ते पाच वर्षं ४० किंवा जास्त, म्हणजे श्वास जलद. अगदी लहान बाळात ६० किंवा जास्त आला तर लगेच एकदा परत मोजा, दुसऱ्यांदाही आला तर निघा.

पाच-सात रात्रींची पानं जमली की त्या माणसाचा स्वतःचा नेहमीचा आकडा कळतो, आणि पुढे तुलना त्याच्याशी करायची, शेजारच्याशी नाही.

डॉक्टरांकडे जाताना वही न्याच, पण सोबत दोन-तीन मिनिटांचा व्हिडिओही न्या. चेहरा नाही, गळ्यापासून पोटापर्यंतचा भाग फ्रेममध्ये, फोन कशाला तरी टेकवून स्थिर, आवाज रेकॉर्ड होतोय ना ते तपासून, आणि थांबा येऊन श्वास परत सुरू होईपर्यंत कट न करता. सोबत चालू औषधांची यादी, आणि दिवसा बसल्या-बसल्या डोळा लागतो का, सकाळी डोकं दुखतं का, रात्री लघवीला किती वेळा उठावं लागतं, या तीन प्रश्नांची उत्तरं घरूनच लिहून न्या, कारण झोपेत श्वास थांबत असल्याचा संशय आला की हे विचारलं जातंच आणि तिथे बसल्यावर "तसं काही नाही" एवढंच आठवतं.